बिननावाचा नवरा

त्या सकाळी बद्रीनाथनं टिकाव उचलला आणि सरळ आशाबाईच्या बेडावर जाऊन उभा राहिला. टोळीतल्या सगळ्यांनी ते पाहिलं. बायका पदर खोचू लागल्या, गडी तंबाखू मळू लागले, आपलं लक्षच नाही असं प्रत्येकानं दाखवलं. पण आमच्या पिशोर गावात असल्या गोष्टी न पाहणारा माणूस अजून जन्माला यायचाय.

साहेबरावांच्या रानात अद्रकीची काढणी चालू होती. आमच्याकडची रीत अशी, की गडी पुढं टिकावानं बेड, म्हणजे अद्रकीचा लांबलचक उंच वाफा, उकलत जाणार आणि त्याच्या मागं बसून एक बाई गड्डा उचलणार, माती झाडणार, मुळ्या मोडणार आणि कॅरेटात टाकणार. जोड्या ठरलेल्या असतात. नवरा-बायकोला शक्यतो एका जोडीत घालत नाहीत, कारण घरचं भांडण रानात येतं आणि अद्रक फुटते. याला अपवाद फक्त बद्रीनाथ आणि द्वारकाबाईचा. बद्रीनाथ टिकाव असा तिरपा मारायचा, की अख्खा गड्डा न दुखावता वर यायचा आणि द्वारकाबाईच्या हातापाशीच लवंडायचा. तिनं नुसता हात पुढं करायचा. गावात अद्रक आली तेव्हापासून ही जोडी कुणी मोडली नव्हती. आज ती बद्रीनाथनंच मोडली.

द्वारकाबाई रिकामं कॅरेट कमरेला लावून आपल्या बेडावर उभी राहिली. थंडीनं बोटं वाकत नव्हती. लेकाचा, माऊलीचा, जुना मफलर तिनं कानावरून घट्ट गुंडाळला होता. त्यामुळं आपल्याला काही ऐकू येत नाही असं तिला दाखवता आलं. आशाबाईचा जोडीदार रामकिसन मात्र बिचारा मधल्या मधे लटकला. त्याचा बेड बद्रीनाथनं घेतला होता.

"वैनी," तो डोकं खाजवत म्हणाला, "मंग म्या इकडं येऊ का?"

"ये बाबा. कुणीतरी खांदायलाच पाह्यजे."

रामकिसनचा हात म्हणजे दगड फोडायचा हात. पहिल्याच घावात गड्ड्याचे दोन तुकडे झाले आणि एक द्वारकाबाईच्या गुडघ्यावर येऊन आदळला.

"भाऊजी, जरा बेतानं."

"माहा हात असाच हाये वैनी. आशाबाईला सवय हाये."

पलीकडच्या बेडावर बद्रीनाथचा टिकाव धाडधाड पडत होता. रागावलेल्या माणसाला थंडी वाजत नाही. त्यानं सदरा काढून बांधावर फेकला होता आणि बनियनवर घाम दिसायला लागला होता.

भांडण पुस्तकाचं होतं.

द्वारकाबाईनं पुस्तक लिहिलं होतं. ही काही लपून केलेली गोष्ट नव्हे. सगळ्या गावाला माहीत होतं. माहेरी ती सातवीपर्यंत शिकली होती. पुढं लग्न झालं आणि हाताला खुरपं आलं. पण तोंडाला कोण अडवतं? रानात जेवणाच्या सुट्टीत ती आपल्या आयुष्यातलं काहीबाही सांगत बसायची आणि टोळी भाकरी चावायची विसरायची. एकदा टोळी इलियासच्या वावरात खुरपणीला गेली असताना इलियासनं ते ऐकलं. इलियासची गावात छापखान्याची छोटी खोली आहे. लग्नपत्रिका, जत्रेची पत्रकं, हरवलेल्या म्हशीची जाहिरात, असलं तो छापतो. तो म्हणाला, "मावशी, लिख डालो. म्या छापतो. जिंदगीभर लग्नच छापू काय?"

मग तिनं दोन पावसाळे लिहिलं. झड लागून रान बंद पडलं की ती दारात पाट घेऊन बसायची. त्या दिवसांत बद्रीनाथचा तोरा काय सांगावा! चूल तो बघायचा. शेळ्यांना तो हाकलायचा. गल्लीतून कुणी मोठ्यानं बोलत गेलं की बाहेर येऊन दटावायचा, "हळू बोला की! आत लिहिणं चालू हाये." आणि चहाच्या टपरीवर रोज एकच सांगणं: "पुस्तकात म्या पण हाये बरं का. पयल्या पानापासून."

आदल्या दिवशी इलियास पुस्तकाची पहिली प्रत घेऊन टपरीवर आला. नाव होतं 'झाडलेली माती'. कव्हरवर केळीचे खांब आणि सोनेरी वेलबुट्टी, कारण इलियासकडं तीच होती. आतला कागद लगीनसराईतून उरलेला, फिकट गुलाबी. शेवटच्या पानावर त्याच्या हातून सवयीनं 'कृपया आहेर आणू नये' असंही पडलं होतं. पण पुस्तक ते पुस्तक. साहेबरावांनी ते पहिल्यांदा हातात घेतलं, चष्मा लावला आणि मोठ्यानं शोधायला लागले.

"आशाबाई हाये. रामकिसन हाये. आपलंबी नाव हाये, लई चांगलं लिहिलंय. अन् हे बघा, बोकड! बोकडाचं नाव हिरामण!" त्यांनी पानं पुढं-मागं केली. "बद्रीनाथ, तू कुठं गावंना रे?"

बद्रीनाथनं पुस्तक ओढून घेतलं. त्याची चौथी झालेली. तो ओळीवरून बोट फिरवत गेला, पान उलटत गेला. टपरीतले सगळे त्याच्या बोटाकडं बघत होते. बोट कुठंच थांबलं नाही. तेव्हा साहेबराव हसून म्हणाले, "तुझ्यापरीस बोकड नशिबाचा निघाला की." सगळे खदखदा हसले आणि बद्रीनाथही हसला. चहा तसाच टाकून घरी आला, पुस्तक फळीवर ठेवलं आणि म्हणाला, "बोकडाला नाव हाये."

द्वारकाबाई चक्रावूनच गेली. हा माणूस नाही कुठं त्या पुस्तकात? पानापानावर होता. 'हे' म्हणून होता, 'घरचे' म्हणून होता, 'माऊलीचे बाप' म्हणून होता. नाव तेवढं तिनं घातलं नव्हतं. घातलं नव्हतं म्हणजे विसरून नव्हे. जपून घातलं नव्हतं. नवऱ्याचं नाव तिनं लग्नापासून कधी तोंडातून काढलं नव्हतं. हळदीकुंकवाला बायका नाव घ्यायचा आग्रह करायच्या तेव्हाही ती पदर तोंडाला लावून हसायची आणि सुटायची. बँकेत विचारलं की ती शेजारणीला कोपर मारायची आणि शेजारीण सांगायची.

जेवणाच्या सुट्टीत चिंचेखाली बायका बसल्या. बद्रीनाथ आपली भाकर घेऊन पार विहिरीकडं जाऊन बसला. आशाबाईनं ठेच्याची डबी पुढं सरकवली आणि सरळ विचारलं, "कामून नाय घातलं गं नाव? आमचं सगळ्यांचं घातलं. माह्या नवऱ्याच्या दारूचंबी घातलं."

"अगं, पुस्तक म्हंजी कागदच की," द्वारकाबाई हळू आवाजात म्हणाली. "आज लोकं वाचतील. उद्या रद्दीत जाईन. परवा त्याच्यात कुणी भजी बांधून देईन. खाल्ली भजी, पुसले हात, टाकला बोळा. त्याच्यावर ह्यांचं नाव असलं अन् कुणाचा पाय पडला तर?"

मग आशाबाई म्हणाली, "म्हंजी माह्या नावावर पाय पडला तर चालंन?"

"तू काय माहा नवरा हायेस?"

चिंचेखाली असा हशा उठला की विहिरीकडं बद्रीनाथचा घास हातात राहिला. त्याला वाटलं, आपल्यावरच हसतात. तो उठला, पाणी प्याला आणि सुट्टी संपायच्या आत खणायला लागला.

दुपारी इलियास मोटारसायकलवर रानात आला. उद्या जेवणाच्या सुट्टीत इथंच चिंचेखाली पुस्तकाचं प्रकाशन करायचं ठरलं होतं. कुणाचा रोज बुडायला नको म्हणून. ते नक्की करायला तो आला आणि भांडण कळल्यावर त्यानं कपाळावर हात मारला.

"काका, गलती माझी. म्या मावशीला विचारलं होतं, काकांचं नाव कुठं टाकू. मावशी हसली. मला वाटलं, पुस्तकात असंच राहत असंन." मग त्याला एकदम सुचलं. "टेन्शनच नाय घ्यायचं! पत्रिकेत मामाचं नाव ऱ्हायलं की आपण चिठ्ठी छापून चिकटवतो. तुमच्या नावाची छापतो. रातभर मुनिरा न् म्या चिकटवतो बसून."

मुनिरा म्हणजे त्याची बायको. बद्रीनाथनं टिकाव जमिनीत रोवला आणि दांड्यावर हनुवटी टेकली.

"इलियास, ऱ्हायलेल्या मामाला चिकटवतेत. म्या काय ऱ्हायलेला मामा हाये?"

"तसं नाय काका…"

"चिकटवायचं नाय. अन् म्या उद्या येणार पण नाय. तुमचं चालू द्या."

इलियास द्वारकाबाईकडं वळला. ती खाली मान घालून गड्ड्याच्या मुळ्या मोडत होती. बोटांच्या चिरांत अद्रकीचा रस गेला की आग होते. ती आग रोजचीच. पण डोळ्यांत पाणी आलं ते काही अद्रकीचं नव्हतं. तिनं मफलरनं डोळे पुसले आणि इलियासला म्हणाली, "हे येणार नसतील तर ऱ्हाऊ दे प्रकाशन."

"मावशी, पेढे सांगून ठेवले!"

"पेढे वाट. पुस्तकाचं ऱ्हाऊ दे."

आता हे तिनं मनापासून सांगितलं होतं. दोन पावसाळे लिहिलेलं पुस्तक, पण ज्याच्यासाठी लिहिलं तो विहिरीकडं तोंड करून बसणार असेल तर त्या केळीच्या खांबांचं काय लोणचं घालायचं होतं?

दुसऱ्या दिवशीही जोड्या तशाच फिरलेल्या. आता साहेबरावांचा धीर सुटला. त्यांनी रामकिसनच्या मागचं कॅरेट पालथं केलं आणि फुटकी अद्रक बघून त्यांना आपलीच थट्टा महाग पडलेली दिसली. फुटक्या मालाला व्यापारी नाक मुरडतो.

"अरे, तुम्ही नवरा-बायको रुसा, फुगा, काय करायचं ते करा. माह्या अद्रकीचा जीव कामून घेऊ ऱ्हायले?" ते बद्रीनाथजवळ गेले. "बाबा रे, टपरीवर मी जरा जास्तीच बोललो. चुकलं. पण आता जा तिकडं."

बद्रीनाथ खणत राहिला. "मालक, म्या इथं खणतो ती फुटली का?"

ती फुटली नव्हती. त्याचा हात रागातही तिरपाच पडत होता. साहेबराव चिंचेखाली जाऊन बसले.

जेवणाच्या सुट्टीच्या थोडं आधी आशाबाई कॅरेट ओतायच्या निमित्तानं द्वारकाबाईजवळ आली. तिला हसू आवरत नव्हतं.

"घेऊन जा बाई तुहा नवरा. माहं डोकं उठलं."

"काय केलं त्यायनं?"

"कालपासून मला द्वारकाच म्हणतो. द्वारके, कॅरेट सरकव. द्वारके, पाणी पी. द्वारके, हात मागं घे, टिकाव लागंन. म्या म्हणलं, आवो, म्या आशा हाये. तर म्हणतो, व्हय व्हय. अन् घडीभरानं परत, द्वारके, ऊन लागू ऱ्हायलं का?" आशाबाईनं पदरानं तोंड पुसलं. "माह्या नवऱ्यानं मला आजवर इतक्या वेळा हाक नाय मारली गं."

द्वारकाबाई हसली. हसता हसता तिचा हात मात्र थांबला. गड्डा तसाच हातात राहिला. हा माणूस दिवसभर आपलं नाव घेतो, रानात घेतो, बाजारात घेतो, गर्दीत हरवली तर गर्दीवरून ओरडून घेतो, आणि ते नाव कुठं मळलं नाही, फाटलं नाही, कुणाच्या पायाखाली गेलं नाही. उलट त्या हाकेवर आपण आजवर रांगेत चाललो, आजारातून उठलो. आणि आपण? आपण त्याचं नाव जपून जपून असं ठेवलं, की ते त्यालाही ऐकायला मिळालं नाही. तिला एकदम त्याची फार माया आली. टपरीवर पानावरून फिरणारं त्याचं ते बोट तिच्या डोळ्यांपुढं आलं आणि तिला बसवेना.

तेवढ्यात इलियास मोटारसायकलला पुस्तकांचा गठ्ठा आणि पेढ्यांचा खोका बांधून आलाच. नको म्हटल्यावर ऐकेल तो इलियास कसला! टोळी चिंचेखाली जमली. साहेबराव मधे बसले. बद्रीनाथचा टिकाव तिकडं चालूच होता.

द्वारकाबाईनं गठ्ठ्यातलं एक पुस्तक ओढलं. सगळ्यांना वाटलं, आता वाचणार. पण ती उठली आणि बेडांवरून चालायला लागली. मातीत पाय रुतत होते, लुगड्याला ढेकळं चिकटत होती. ती बद्रीनाथच्या मागं गेली आणि रोज बसायची तशी, त्याच्या टिकावामागं फतकल मारून बसली. चिंचेखालची टोळी उठली आणि हळूच तिच्यामागं आली.

बद्रीनाथनं वळून पाहिलं नाही. "हात मागं घे," तो म्हणाला. "लागंन."

तिनं पुस्तक उघडलं. ती वाचायला लागली.

"तळ्याच्या कामावर होतो तेव्हा माऊली माझ्या पोटात होता. दगड फोडायचं काम. बसलं की उठवत नव्हतं. तेव्हा हे…" ती थांबली. तिनं मफलर सोडून मांडीवर ठेवला. तोंडाला लावायला पदर वर आला होता, तो तिनं मुद्दाम खाली केला. "तेव्हा बद्रीनाथ…"

आशाबाईनं रामकिसनचा दंड धरला. बायकांच्या तोंडून "अगं बया!" असा एकच आवाज निघाला. टिकाव वर गेलेला, तो वरच राहिला.

"तेव्हा बद्रीनाथ आपले दगड फोडून झाल्यावर माझ्या वाटचे फोडायचे," द्वारकाबाई पुढं वाचत गेली. "मुकादम लांबून येताना दिसला की बद्रीनाथ हातोडा माझ्या हातात द्यायचे आणि आपण शिट्टी मारत बाजूला व्हायचे. मुकादम बद्रीनाथला म्हणायचा, तू कामचुकार आहेस, तुझ्यापेक्षा तुझी बायको बरी. बद्रीनाथ म्हणायचे, व्हय मालक, बरीच हाये."

बद्रीनाथनं टिकाव खाली टेकवला. तो अजून पाठमोराच होता, पण मानेवरच्या शिरा आता सैल पडल्या होत्या.

तिनं पान उलटलं. छापलेल्या 'हे'वर ती त्याचं नाव ठेवत गेली आणि प्रत्येक वेळी आवाज थोडा मोठा होत गेला. मला ताप आला तेव्हा बद्रीनाथनं पाठीवर घेऊन करंजखेडच्या रस्त्याला एसटी थांबवली. बद्रीनाथनं माझ्या बहिणीच्या लग्नात असा नाच केला, की बँडवाले दमले. बद्रीनाथला पालीची फार भीती. पाल दिसली की बद्रीनाथ बाजेवर चढतात आणि मला म्हणतात, आधी तू जा.

टोळी हसून हसून बेडावरच बसली. साहेबरावांचा चष्मा नाकावरून घसरला. तेव्हा कुठं बद्रीनाथ वळला. डोळे भरलेले आणि मिशीखाली हसू दाबलेलं, असं ते तोंड होतं.

"तिथं नाव नसतं घेतलं तर चाललं असतं," तो म्हणाला.

"आता कसं थांबू? आता सवय लागली."

"हळू बोल. लोकं ऐकू ऱ्हायले."

"ऐकू द्या!" ती म्हणाली आणि खरंच ओरडली, "बद्रीनाथ!" पलीकडच्या वावरातली माणसंही कांदा खुरपता खुरपता उभी राहिली. "बद्रीनाथ! ऐकलं का? माह्या नवऱ्याचं नाव बद्रीनाथ!"

इलियासनं पेढ्यांचा खोका तिथंच बेडावर फोडला. मातीनं भरलेल्या हातांनी सगळ्यांनी पेढे खाल्ले. प्रकाशन झालं की नाही, हे कुणी विचारलं नाही. साहेबरावांनी आपल्या हातानं पहिला पेढा बद्रीनाथच्या तोंडात घातला आणि म्हणाले, "आता जोडी लाव बाबा." पण बद्रीनाथनं टिकाव उचललाच नाही. तो द्वारकाबाईच्या समोर उकिडवा बसला आणि पुस्तकाकडं बोट दाखवून लहान आवाजात म्हणाला, "परत वाच."

"कुठून वाचू?"

"जिथं जिथं म्या हाये, तेवढंच वाच."

द्वारकाबाईनं पुस्तक मिटलं, पुसलं आणि पहिलं पान काढलं.

"मंग सगळंच वाचावं लागंन."

"वाच की," बद्रीनाथ म्हणाला आणि मातीत मांडी घालून बसला.